तीन मिनिटांची काळी पट्टी

आखातात बारा वर्षं होतो असं सांगितलं की लोक विचारतात, "तेलात होता का?" मी नाही म्हणतो. मग ड्रायव्हर? नाही. इलेक्ट्रिशियन? नाही. मी तिथे चित्रपट कापत होतो, असं सांगितलं की समोरचा आधी हसतो आणि मग खुर्ची जरा पुढे ओढतो. या अंकाच्या संपादकांनीही तसंच केलं. "त्यातल्या गमती लिहा," म्हणाले. गमती आहेत, त्या लिहितो. पण ज्या एका कामाबद्दल मी पस्तीस वर्षं कुणाशी बोललो नाही, तेही लिहिणार आहे, आणि त्यात गंमत नाही.

मुंबईत मी एका फिल्म लॅबमध्ये निगेटिव्ह कापायचो. पांढरे सुती हातमोजे, भिंग, कात्री, सिमेंटची बाटली. हे सिमेंट म्हणजे फिल्मचे दोन तुकडे चिकटवायचं पातळ रसायन. नजर कामात आणि मन जेवणाच्या सुट्टीत वाचायच्या पुस्तकात, असे माझे दिवस चालले होते. तिथूनच मला सौदीतल्या धाहरानजवळच्या एका बांधकाम कंपनीच्या कॅम्पात नोकरी मिळाली. कॅम्पात इंग्रज, इटालियन, डॅनिश इंजिनिअर होते, काहींची कुटुंबं होती, आणि आम्ही शेकडो एकटे पुरुष. सगळ्यांसाठी एक सभागृह होतं आणि तिथे आठवड्यातून दोनदा सिनेमा व्हायचा. देशात थिएटरं नव्हती, पण कॅम्पाच्या भिंतीआड हे चालायचं. अट एकच, चित्रपट आधी स्वच्छ केलेला हवा. स्वच्छ करणारा मी.

काय काढायचं त्याची यादी माझ्या टेबलासमोर लावलेली होती. चुंबन, उघडे खांदे, गुडघे, दारूची बाटली, पेला, क्रूस, डुक्कर. लहान मुलांच्या कार्टूनमधलं डुक्करसुद्धा. एका चित्रपटात नायक सतत जेवायला बसायचा आणि टेबलावर दर वेळी वाइन असायची. मी सगळी जेवणं काढली. शेवटी तो आजारी पडतो, तेव्हा सभागृहातून कुणीतरी ओरडलं, "पडणारच! दोन तास उपाशी आहे बिचारा!" एक इंग्रज फोरमन दर खेळानंतर प्रोजेक्टरपाशी येऊन हळूच विचारायचा, "शेवटी लग्न झालं का त्यांचं?" मी सांगायचो, झालं. कधीकधी झालेलं नसायचं.

आता थोडं कामाबद्दल, कारण पुढचं सगळं त्यावर अवलंबून आहे. आमच्याकडे सोळा मिलिमीटरची रिळं यायची. त्यात आवाज फिल्मच्याच कडेला एका बारीक पट्टीवर छापलेला असतो. पण चित्राचा आवाज त्या चित्राच्या शेजारी नसतो, तो एक सेकंदभर आधीच्या फिल्मवर असतो. प्रोजेक्टरची रचनाच तशी आहे. त्यामुळे एखादं दृश्य कापून काढलं, तरी त्याच्या पहिल्या सेकंदाचा आवाज मागे, मूळ रिळावर राहतो. बाई पडद्यावरून जाते, तिचा पहिला शब्द मात्र जात नाही.

दुसरी गोष्ट. कापलेले तुकडे आम्ही फेकत नव्हतो. प्रत्येक तुकडा पत्र्याच्या गोल डब्यात जायचा. डब्यावर मी चित्रपटाचं नाव, रिळाचा क्रमांक, जागा आणि लांबी लिहायचो. चित्रपट परत पाठवताना तुकडे पुन्हा जागच्या जागी जोडून द्यायचे, अशी आमची पद्धत होती. माझे वरिष्ठ अबू फहद, वयस्क, सौम्य सौदी गृहस्थ, कामगारांकडून शिकलेल्या हिंदीत म्हणायचे, "रफीक, ये अमानत है." रफीक हे माझं नाव नव्हे, त्याचा अर्थ सोबती; तिथे आम्हा सगळ्यांनाच तशी हाक मारत. माझे जोड दिसत नसत. याचा मला अभिमान होता.

किर्स्टन मॅडमची ओळख अशाच एका रिळामुळे झाली. त्यांचे यजमान पॉल आमच्याकडे पंपांचे इंजिनिअर होते. त्या बावन्न-त्रेपन्नच्या असतील. उंच, आखूड पांढरे केस, आणि बोलणं कुजबुजल्यासारखं. दोन वर्षांपूर्वी घशातली गाठ काढताना आवाजाची नस दुखावली होती. त्या बोलायला लागल्या की समोरचाही नकळत हळू बोलायचा. त्या तरुणपणी सिनेमात होत्या हे कॅम्पात फारसं कुणाला माहीत नव्हतं. सुट्टीवरून येताना त्यांनी एक चित्रपट सोबत आणला. तो विमानतळावर अडला आणि तपासणीसाठी माझ्या टेबलावर आला. एकोणीस वर्षांच्या असताना त्यांनी केलेला हा पहिला चित्रपट. निर्मात्याने लग्नात भेट दिलेली ही प्रत. पुढे तो निर्माता बुडाला, निगेटिव्ह कुठे गेलं कुणाला ठाऊक नव्हतं. त्यांच्या माहितीत ही एकच प्रत उरली होती.

मी तो चित्रपट नेहमीसारखा भिंगातून पाहिला. कापणारा माणूस आवाज ऐकत नाही. दुसऱ्या रिळात एक दृश्य होतं. शहरात नोकरीला आलेली मुलगी खोलीत टेबलाशी बसून, आईला लिहिलेलं पत्र स्वतःशीच मोठ्यानं वाचते. अंगात परकर-बॉडीससारखं काहीतरी, खांदे उघडे, टेबलावर बाटली आणि पेला. तीन मिनिटांत एक चौकट बाटलीशिवाय नव्हती. मी अख्खं दृश्य काढलं, डब्यात ठेवलं, डब्यावर लिहिलं आणि बाकीचा चित्रपट त्यांच्या हवाली केला.

दुसऱ्या दिवशी त्या पॉलसाहेबांना घेऊन आल्या. मला वाटलं, भांडायला आल्या. पण त्यांनी एवढंच विचारलं, "तो तुकडा तुमच्याकडेच आहे ना?"

"हो मॅडम. तुम्ही कायमच्या परत जाल तेव्हा जोडून देईन."

"मग झालं," त्या म्हणाल्या.

त्यानंतर त्या अधूनमधून दाराशी यायच्या. आत येणं बरं दिसलं नसतं, म्हणून दार सताड उघडं, त्या बाहेरच्या बाकावर आणि मी आत टेबलाशी. कधी पॉलसाहेब सोबत असत. मॅडमनी आपल्या सिनेमातल्या नोकरीच्या गोष्टी सांगितल्या. नोकरी हाच शब्द त्या वापरायच्या. डेन्मार्क लहान, तिथे वर्षाला मोजके चित्रपट निघायचे, म्हणून त्या आधी जर्मनीत गेल्या, मग इटलीत, दोनदा फ्रान्समध्ये. "इटलीत मी सहा चित्रपट केले, आणि सहाही चित्रपटांत मी दुसऱ्याच बायकांच्या आवाजात बोलते," त्या म्हणाल्या. तिथे आवाज मागाहून भरायची पद्धत होती. सेटवर नायक इटालियन बोलायचा, खलनायक फ्रेंच, ह्या डॅनिश. संवाद पाठ नसले तर आकडे म्हटले तरी चालायचं, ओठ हलले की झालं.

"आकडे?"

"एका प्रेमप्रसंगात मी त्याच्या डोळ्यांत बघून एक ते एकवीस म्हटले. रोममध्ये बायका रडल्या म्हणे."

"एकवीसच का?" मी विचारलं.

"बाविसाव्याला त्याने मिठी मारली."

पॉलसाहेब म्हणाले, "मला मात्र हिने पाचापर्यंतच मोजून दाखवलं." त्या आवाज न करता हसल्या. तसंच हसायच्या त्या.

जर्मनीतही दुसरीचा आवाज, फ्रान्समध्येही. स्वतःच्या आवाजात, स्वतःच्या भाषेत त्या फक्त पहिल्या चित्रपटात बोलल्या होत्या, आणि तिथे त्यांची भूमिका जेमतेम. सलग बोलणं एकच, ते पत्र. म्हणजे माझ्या डब्यातली तीन मिनिटं. त्यांच्या मुलीला फेब्रुवारीत बाळ व्हायचं होतं. त्या बाळाला आजी अशी कुजबुजतच भेटणार होती. म्हणून त्यांनी तो चित्रपट इतक्या लांब आणला होता. कॅम्पात प्रोजेक्टर होताच, पॉलसाहेब कुणाकडून तरी तो व्हिडिओवर उतरवून घेणार होते.

नव्वद सालच्या ऑगस्टमध्ये इराकचा कुवेतवर हल्ला झाला. आमच्या रस्त्यावरून कुवेती गाड्या धुळीनं माखलेल्या, टपांवर गाद्या बांधलेल्या, अशा जाऊ लागल्या. मग लष्करी ट्रक आले. कॅम्पात गॅसचे मुखवटे वाटले गेले. ते कसे घालायचे ते मलाच सभागृहात पडद्यावर दाखवावं लागलं. माझा शेजारी दाऊदभाई, श्रीवर्धनचा, कॅम्पाच्या स्टोअरमध्ये कामाला. तो मुखवटा घालून आरशात बघून म्हणाला, "मास्तर, याचा एक फोटो गावी पाठव. मुलीचा सासरा हुंड्याची दुचाकी मागायचा बंद होईल." मी वाचत बसायचो म्हणून तो मला मास्तर म्हणायचा.

नोव्हेंबरात एकदा अबू फहदांच्या परवानगीने मी तो तुकडा मॅडमना दाखवला. त्या आणि पॉलसाहेब आत बसले. मी प्रोजेक्टर सुरू करून दाराबाहेर उभा राहिलो. तो आवाज मी तेव्हा पहिल्यांदा ऐकला. जाड, थोडा हट्टी, वाक्याच्या शेवटी हसू येईल की काय असा. एक शब्द कळत नव्हता, पण ही मुलगी आईपासून काहीतरी लपवते आहे, एवढं कळत होतं.

संपल्यावर मॅडम म्हणाल्या, "पहिले शब्द गेले."

मी त्यांना ती एका सेकंदाची गोष्ट समजावली. पहिले शब्द मूळ रिळावर सुखरूप आहेत, जोडल्यावर सलग होईल.

"म्हणजे 'प्रिय आई' माझ्याकडे, आणि बाकीचं पत्र तुमच्याकडे."

"हो मॅडम."

मग त्यांनी विचारलं, "याचा नुसता आवाज साध्या कॅसेटवर घेता येईल का? चित्र नको. आत्ता, लगेच. युद्ध होणार म्हणतात सगळे."

घेता येत होता. प्रोजेक्टरला टेप रेकॉर्डर जोडायचा, दहा मिनिटांचं काम. टेप रेकॉर्डर माझ्या कपाटातच होता. पण यादीतली गोष्ट कॅम्पात दुसऱ्या कुणाच्या हातात गेली तर? माझा इकामा, म्हणजे राहायचा परवाना, आणि पासपोर्ट दोन्ही कंपनीकडे होते. घरी नलू आणि दोन मुलं होती. मी म्हणालो, "नंतर बघू, मॅडम. सध्या परवानगी नाही."

परवानगी मी मागितलीच नव्हती.

घरचा विषय निघालाच आहे तर सांगतो. नलू म्हणजे माझी पत्नी नलिनी. आम्ही एकमेकांना पत्रांऐवजी कॅसेट पाठवायचो. आखातातल्या बऱ्याच घरांत ही पद्धत होती. सुट्टीवर जाणाऱ्या-येणाऱ्याच्या हाती ती द्यायची. कोऱ्या कॅसेट हव्या तेवढ्या मिळत, पण आमची एकच कॅसेट जा-ये करायची. ती बोलून पाठवायची, मी ऐकायचो आणि त्यावरच माझं बोलणं भरून परत पाठवायचो. "एका ताटात जेवल्यासारखं आहे हे," ती म्हणायची. दर वेळी मी तिचं पुसत होतो आणि ती माझं, हे आम्हाला कधी खटकलंच नाही.

जानेवारीत युद्ध जवळ आलं तसं कॅम्प रिकामा व्हायला लागला. अबू फहद कुटुंबाला गावी पोहोचवायला गेले. सभागृहात अमेरिकन सैनिक राहायला येणार आणि त्याआधी सगळ्या खोल्यांची तपासणी होणार, अशी बातमी दाऊदभाईनं आणली.

"तुझ्या खोलीत ते चाळीस डबे आहेत ना?" त्यानं विचारलं.

"ते नियमानं ठेवलेत. अबू फहदना माहीत आहे."

"अबू फहद कुठे आहेत? आणि डब्यांवर अक्षर कुणाचं? तुझंच ना, मोत्यासारखं? येणारा माणूस नियम विचारत नाही, मास्तर. डबा उघडणार, बाईचे खांदे बघणार, आणि यल्ला, चल, गाडीत बस."

तो घाबरवायला बोलत नव्हता. तो स्वतःच घाबरलेला होता. पण मी त्या भीतीला कारण म्हणून वापरलं. दुसऱ्या दिवशी दुपारच्या नमाजानंतर, कॅम्प सामसूम असताना, मी हातगाडीवर डबे घातले आणि मागच्या कचरा जाळायच्या भट्टीवर नेले. एकेक तुकडा टाकत गेलो. ही फिल्म भडकत नाही, आकसते, वितळते आणि आंबट धूर सोडते. मॅडमचा डबा शेवटी हातात आला. तो मी मुद्दाम खाली ठेवला होता, म्हणजे मला तो वेगळा काढायचा होता. गादीखाली मावला असता. पॉलसाहेबांकडे त्याच वेळी पोचवता आला असता, त्यांचं घर चालत पाच मिनिटांवर. मी डबा हातात धरून उभा राहिलो आणि मनाशी म्हणालो, एक सापडला काय आणि चाळीस सापडले काय. मग तोही टाकला.

तपासणी झालीच नाही. सैनिकांनी माझ्या खोलीत पाण्याच्या बाटल्यांची खोकी रचली.

तीन दिवसांनी सकाळी पॉलसाहेब रिळं घेऊन आले. मागे मॅडम. त्यांना विमानात जागा मिळाली होती, दुपारी निघायचं होतं, माणशी एकच बॅग. कपडे मागे ठेवून त्यांनी चित्रपट घेतला होता.

"जोडून द्याल?" मॅडमनी विचारलं.

तेव्हा खरं सांगायला हवं होतं. दोन वाक्यं होती. मी म्हणालो, "हो मॅडम. अर्धा तास द्या."

आत जाऊन मी दार लावलं. दुसरं रीळ काढलं, माझा जुना जोड शोधला. डब्यावर लांबी लिहिलेली असायची आणि ती माझ्या लक्षात होती. तेवढ्याच लांबीची काळी पट्टी, रिळाच्या सुरुवातीला लावतात ती, मोजून कापली आणि त्या जागी जोडली. हेतू एवढाच की रीळ हातात घेतल्यावर हलकं वाटू नये, कडेनं बघितलं तर पातळ दिसू नये. तो जोड माझ्या आयुष्यातला सर्वांत सफाईदार जोड होता. बोट फिरवलं तरी लागत नव्हता.

बाहेर येऊन मी रीळ दिलं. मॅडमनी ते दोन्ही हातांनी घेतलं. "आता 'प्रिय आई'ला तिचं पत्र मिळालं," त्या म्हणाल्या. मी मान हलवली. त्यांनी माझ्या मुलांची नावं विचारून घेतली, मुखवटा नेहमी जवळ ठेवा म्हणाल्या आणि गेल्या.

युद्ध संपल्यावर मार्चमध्ये अबू फहद परतले. रिकामं कपाट बघून त्यांनी विचारलं. मी भट्टीचं सांगितलं. त्यांनी कपाटाचं दार लावलं. मग म्हणाले, "वो डेन्मार्कवाली मॅडम का भी?" मी हो म्हणालो. कॅसेटचंही सांगितलं, की त्यांनी नुसता आवाज मागितला होता, आणि मी परवानगी नाही म्हटलं.

"आवाज में बोतल किधर है, रफीक?"

एप्रिलमध्ये मॅडमचं पत्र आलं, इंग्रजीत, शाईनं लिहिलेलं. ते माझ्याकडे आहे. त्यांना नात झाली होती. नात तीन आठवड्यांची असताना पॉलसाहेबांनी कुठून तरी प्रोजेक्टर आणला आणि सगळे बघायला बसले. त्या जागेवर पडदा काळा झाला. आधी त्यांना वाटलं, दिवा गेला. "मग अंधारात मी 'प्रिय आई' म्हणाले," त्यांनी लिहिलं होतं, "एकदाच. त्यानंतर काही नाही. आम्ही तीन मिनिटं अंधारात वाट बघत बसलो." पुढे लिहिलं होतं की युद्धात कितीतरी गोष्टी हरवतात, तुम्हाला तो तुकडा वाचवता आला नसेल आणि त्या सकाळी सांगवलं नसेल, तुमची चूक नसणार. चित्रपटातल्या पत्राचा बाकीचा मजकूर त्यांना अजून पाठ होता. दुसऱ्यांदा चित्रपट लावला तेव्हा त्या काळ्या पट्टीवर त्यांनी तो, जमेल तशा आवाजात, म्हणून दाखवला. "मुलीला ऐकू येईना, म्हणून ती माझ्या अगदी जवळ येऊन बसली."

शेवटी माझ्या मुलांची नावं घेऊन ती सुखरूप आहेत ना, असं विचारलं होतं.

मी उत्तर लिहिलं नाही. लिहायला बसलो की पहिल्या ओळीत क्षमा मागावी लागे, आणि क्षमा मागायची तर काळ्या पट्टीची लांबी मी मोजून कापली हे सांगावं लागे. त्यांना वाटत होतं की माझ्या हातून काहीतरी हरवलं. मी ते स्वतः जाळलं आणि वर जागा भरून दिली, हे त्यांना माहीत नव्हतं. मी वर्षभर टाळलं, मग वर्षं मोजणं सोडलं. आता त्या असतील की नाही, मला माहीत नाही.

नलू दोन वर्षांपूर्वी गेली. घरात तिचे फोटो भरपूर आहेत. आवाज मात्र कुठेच नव्हता. पुढे मोबाइल आले, पण चित्रण करायचं म्हटलं की ती हातानं नको म्हणायची आणि स्वयंपाकघरात जायची. मग ती कॅसेट आठवली. माळ्यावरच्या ट्रंकेत सापडली. दोन्ही बाजू मी ऐकल्या. दोन्ही बाजूंवर मीच आहे. उकाडा, ओव्हरटाइम, मुलांच्या परीक्षा, छपराच्या कौलांविषयी सूचना. इतका कोरडा माणूस तिनं इतकी वर्षं कसा ऐकला कुणास ठाऊक. दुसऱ्या बाजूला माझं बोलणं टेप संपायच्या जरा आधी संपलं होतं. तेव्हा बटण दाबून बंद केल्याचं खट्ट ऐकू आलं, आणि त्यापुढे ती होती. मी पुसायचं राहून गेलेली.

"संपत आली वाटतं टेप. बरं, थांबते मी. जपून राहा."

तेवढंच. मागे कुठलं तरी भांडं पडल्याचा आवाज.

कॅसेट जुनी, टेप चुरगळलेली, एखाद्या दिवशी तुटेल म्हणून मी ती घेऊन बाजारातल्या एका स्टुडिओत गेलो. पासपोर्ट फोटो काढणं आणि लग्नाच्या जुन्या व्हिडिओंच्या प्रती करून देणं, असं तिथलं काम. मालकीणबाई पन्नाशीच्या, चष्मा कपाळावर. मी त्यांना बरंच काही सांगायला लागलो, की आवाज फक्त शेवटी आहे, मधलं नको, चित्र काही नाही, नुसता आवाज, जमेल का, वेळ लागत असेल तर उद्या येतो.

त्यांनी कॅसेट माझ्या हातातून घेतली आणि समोरच्या स्टुलाकडे बोट केलं.

"उद्या कशाला काका? दहा मिनिटांचं काम आहे. बसा."

मी बसलो.